पी. जे. आदेमात यांचा पत्ता

नेदरलँड्समधल्या फेल्डहोवनच्या नरेंद्र आगाशेकडे बुद्धिबळाची दोनशे चौदा पुस्तकं आहेत आणि हा माणूस बुद्धिबळ खेळत नाही! आता याला काय म्हणावं? थोरामोठ्या खेळाडूंची चरित्रं, त्यांचे निवडक डाव, प्रत्येक डावाखाली बारीक अक्षरात टिपा. चांगल्या खेळीला उद्गारचिन्ह, चुकलेल्या खेळीला प्रश्नचिन्ह. पोटमाळा भरला तेव्हा पुस्तकं जिन्यात आली. त्याची बायको शामला म्हणायची, सवत परवडली असती, निदान एका खोलीत तरी मावली असती.

चिपांची यंत्रं बनवणाऱ्या कंपनीत नरेंद्र वीस वर्षं इंजिनिअर आहे. आठवडाभर केसाहून हजारपट बारीक चुका शोधायच्या आणि शनिवारी सायकल काढून जुन्या वस्तूंची दुकानं पालथी घालायची, हा त्याचा नेम. पुस्तक हाती लागलं की आधी शेवटची पानं उघडायची. तिथं कुणाकुणाविरुद्ध डाव झाले त्यांच्या नावांची सूची असते. त्या सूचीत तो आगाशे शोधायचा. नाव कधीच नसायचं, तरी पुस्तक घेऊनच घरी यायचा.

हे आगाशे म्हणजे त्याचे वडील, दिलीप आगाशे. सगळ्या मिरजेचे अप्पा.

१९६६ साली अप्पा मिरजेच्या तारखात्यात नोकरीला होते, वय सत्तावीस. मुंबईत ऊस्टरवाल नावाचा डच मास्टर आला होता आणि तो एकटा तीस जणांशी एकाच वेळी खेळणार होता. अप्पा रजा काढून गेले आणि हरले. हरल्याचं कसलं कौतुक, असं म्हणत असाल तर जरा थांबा. मिरज-सांगलीच्या देशी खेळात प्रत्येक मात सारखी नसते. वजिरानं मात केली तर ठीक आहे, कुणीही करतो. प्याद्यानं केली तर ती प्यादेमात, तिचा थाटच निराळा. अप्पांना दिसलं की आता वजीर पुढं येतोय आणि खेळ खलास. साहेब फेरी मारत समोर आला तसं या पठ्ठ्यानं मोडक्यातोडक्या इंग्रजीत सांगितलं की हरायला माझी ना नाही, पण तुमच्यासारख्याच्या हातून प्यादेमात झाली तर जन्माचं सार्थक होईल.

साहेबानं तो शब्द दोनदा म्हणून पाहिला. वजिराकडे गेलेला हात मागं घेतला. मग पाच खेळ्या जास्तीच्या खेळून, अप्पांचा राजा कोपऱ्यात, शेजारी त्यांचाच घोडा, पुढ्यात त्यांचंच प्यादं, अशी कोंडी करून त्यानं प्याद्यानं मात दिली. हे वाचताना तुमच्या अंगावर काटा येत नसेल तर मी काय करू? माझ्या येतो. जिंकणारा हरणाऱ्याचा हट्ट पुरवतो, ही काय रोज बघायला मिळणारी गोष्ट आहे?

अप्पा ही हकिगत येईल त्याला सांगायचे. मास्टरचं नाव मात्र 'उष्टरवाला' असं सांगायचे. लोकांना वाटायचं, असेल कुणी पारशी.

नरेंद्र अकरा वर्षांचा असताना शाळेच्या बक्षीस समारंभात अप्पांनी ती पुन्हा सांगितली. पाहुण्यांनी हसत हसत विचारलं, याला पुरावा काय? अप्पा काही म्हणायच्या आत पोरगं भर सभेत बोलून गेलं, "आमचे अप्पा थापा मारतात." सगळी सभा खो खो हसली. अप्पाही हसले. पण त्या दिवसानंतर त्यांनी ती गोष्ट कुणाला म्हणून सांगितली नाही.

नरेंद्रला माफी मागायची होती. पण नुसती माफी मागायची म्हणजे, थाप असली तरी मी रागावलो नाही, असं म्हणण्यासारखंच. पुरावा हातात घेऊनच मागायची, असं त्यानं ठरवलं. नेदरलँड्समध्ये आल्यावर उष्टरवालाचा ऊस्टरवाल झाला, तो माणूस खरोखर होऊन गेला होता हे कळलं, आणि पुस्तकांचा हा नाद लागला. आता अप्पा शहाऐंशी वर्षांचे झाले. धाकटी बहीण योगिनी त्यांचं करते. फोनवर ती म्हणायची, दादा, तुला जे बोलायचंय ते लवकर बोल.

आणि काय सांगायचं, ऊस्टरवालचं चरित्र नऊ वर्षं नरेंद्रच्या घरात होतं! काखेत कळसा नि गावाला वळसा. सूचीत आगाशे नाही, मुंबईचा एकही डाव नाही, म्हणून त्यानं ते एकदा चाळून जिन्यात ठेवून दिलं होतं.

यंदा मार्चमध्ये त्याला कळलं की त्या पुस्तकाचे लेखक मेनेर (म्हणजे डच भाषेत श्रीयुत) स्लोट हार्लेममध्ये राहतात, वय त्र्याऐंशी, घर लहान करताहेत आणि बुद्धिबळाचे सगळे कागद वाटून टाकताहेत. नरेंद्रनं शनिवारची गाडी पकडली. म्हातारबाबांनी डच रिवाजाप्रमाणे एक कप कॉफी आणि मोजून एक बिस्कीट दिलं, आणि बोलायला लागले ते दोन तास थांबेनात. ऊस्टरवालचा त्यांनी आयुष्यभर ध्यास घेतला होता. त्याचा प्रत्येक डाव शोधला होता, प्रत्येक प्रतिस्पर्ध्याचा पत्ता लावला होता. फक्त एक गृहस्थ सापडले नाहीत, पी. जे. आदेमात. या नावासाठी त्यांनी नगरपालिकांची दफ्तरं धुंडाळली, टेलिफोनच्या डिरेक्टरीतून आदेमात शोधून शोधून पत्रं लिहिली. कुणीही आपलं म्हणेना. शेवटी 'स्थळ आणि वर्ष अज्ञात' असं लिहून डाव छापला. वर त्या डावात मास्टरनं एक भयंकर चूक केली होती. एका खेळीत वजिरानं मात होती, ती त्याला दिसलीच नाही. स्लोट हे सांगताना अजून कष्टी झाले.

नरेंद्रच्या हातातला कप तसाच राहिला. त्यानं मूळ कागद बघायला मागितला.

सुटं, पिवळं पान होतं. मास्टरच्या हातच्या बारीक अक्षरात सगळ्या खेळ्या लिहिलेल्या. नरेंद्रनं शेवटची स्थिती मनात मांडली. राजा कोपऱ्यात, शेजारी घोडा, पुढ्यात प्यादं. त्याखाली एक शब्द होता. पुस्तकात छापल्यासारखी टिंबं त्यात नव्हती, आडनाव वेगळं तोडलेलं नव्हतं. सलग एक शब्द, रोमन लिपीत: पी, जे, ए, डी, ई, एम, ए, ए, टी. डच लोक 'जे' या अक्षराचा उच्चार 'य' असा करतात. वीस वर्षं या देशात राहिलेल्या नरेंद्रनं ते डच माणसासारखं वाचलं, आणि कानावर आली ती मिरजेची मराठी.

प्यादेमात.

पान फाटेल या भीतीनं त्यानं ते टेबलावर ठेवलं.

"मेनेर," तो म्हणाला, "हे माणसाचं नाव नाही."

मग त्यानं सगळं सांगितलं, तारखात्यापासून ते माघारी घेतलेल्या हातापर्यंत. स्लोट तोंडाचा आ करून ऐकत राहिले. ऐकून झाल्यावर उठले, आपल्या पुस्तकाची प्रत काढली, तो डाव उघडला आणि त्या खेळीपुढचं प्रश्नचिन्ह पेन्सिलीनं खोडलं. तिथं त्यांनी दोन उद्गारचिन्हं काढली. सदतीस वर्षं मी त्याच्या मोठेपणाला चूक म्हणत आलो, एवढंच ते पुटपुटले आणि चष्मा पुसत बसले.

मिरजेत तेव्हा संध्याकाळ झाली होती. नरेंद्रनं तिथूनच फोन लावला. योगिनीनं तो अप्पांच्या कानाला धरला.

"अप्पा, मी तुम्हाला भर सभेत खोटं पाडलं होतं," नरेंद्र म्हणाला. "तुम्ही खरं बोलत होतात. माझं चुकलं. ऊस्टरवालच्या हातचं लिहिलेलं माझ्या समोर आहे."

"नरू," अप्पा म्हणाले, "मला तर कितीतरी वर्षं वाटत होतं, मीच थाप मारली असणार. म्हटलं, लहान पोर कशाला खोटं बोलेल?"

नरेंद्रला रडू आवरेना. त्र्याऐंशी वर्षांच्या त्या डच माणसाला मराठीचं अक्षर कळत नव्हतं, पण त्यानं खुर्ची जवळ ओढली आणि त्याच्या खांद्यावर हात ठेवला. फोनवर अप्पा वाट बघत होते. मग घसा खाकरून म्हणाले, "काय लिहिलंय, वाच बघू."

नरेंद्रनं वाचलं.

"सावकाश वाच," अप्पा म्हणाले. "पुन्हा."