छंदाच्या रकान्यातली विहीर

माणसाचं चरित्र किती पानांचं असावं, असं मला कोणी विचारलं तर मी एका पानाचं म्हणेन. मी गेली कित्येक वर्षं एका पानाचीच चरित्रं छापते आहे. संग्रामपूरला माझं टायपिंग-झेरॉक्सचं दुकान आहे. सातबाराच्या झेरॉक्स, बँकेचे अर्ज, वाढदिवसाचे बॅनर हे बारमाही. पण तुळशीचं लग्न लागलं की लग्नाच्या बायोडाट्यांचा हंगाम सुरू होतो. वर गणपतीचं नाहीतर बुद्धांचं चित्र, कोपऱ्यात फोटो, मग नाव, उंची, रक्तगट, शिक्षण, मामांचं गाव, शेती. दोन्ही चित्रं मी कॉम्प्युटरवर तयार ठेवलेली असतात, म्हणजे गिऱ्हाईक टेकायच्या आत निम्मं काम झालेलं असतं.

या पानांचा मला भारी नाद. त्यांच्यात खोटं किती असतं म्हणता! आमच्या तालुक्याच्या उन्हात वाढलेली झाडून सगळी पोरं-पोरी बायोडाट्यात गोरी नाहीतर निमगोरी. स्वभाव सगळ्यांचा मनमिळाऊ. मुलांचा छंद क्रिकेट आणि समाजकार्य, मुलींचा वाचन, स्वयंपाक, रांगोळी. पण टाईप करता करता मी चौकशा करते, आणि मग खरं बाहेर येतं. एकदा एका मुलानं आईच्या नावापुढं 'गृहिणी' लिहा म्हणून सांगितलं, आणि जरा खोदल्यावर कळलं की त्या बाईनं स्वतः विटा पाडून घराच्या दोन खोल्या उभ्या केल्या होत्या. मी खुर्चीतून उठलेच. नवरा म्हणतो, तू टाईप कर, मुलाखती नको घेऊ. पण जित्याची खोड, ती काय जाते होय.

तर असेच एका दुपारी एक बाप-लेक दुकानात आले. वरवट बकालवरून पुढं डोंगराकडं जाताना लागणारं गाव. संत्र्याची बाग, चांगली शेती, पोरगी बी.एस्सी. झालेली. वडील सांगत होते आणि मी टाईप करत होते. पोरगी माझ्या मागं उभी राहून पडद्यावर स्वतःचं आयुष्य ओळीओळीनं उमटताना पाहत होती. छंदाचा रकाना आला तेव्हा माझी बोटं सवयीनं 'वाचन' लिहून पुढं निघाली होती. तेवढ्यात ती म्हणाली की रांगोळी लिहू नका, मला ठिपकेसुद्धा नीट मांडता येत नाहीत.

मग काय लिहू, मी विचारलं. तिनं एकदा बापाकडं पाहिलं आणि सांगितलं, विहिरीत बुडी मारणे.

मला वाटलं पोरगी थट्टा करते आहे. पण वडिलांचा चेहरा असा उतरला की थट्टा नाही हे लगेच कळलं. आता मी कसली गप्प बसते! खुर्ची वळवून तिच्याकडं तोंड केलं आणि प्रश्नांची सरबत्ती लावली. झेरॉक्ससाठी आलेले दोघे-तिघेही कागद हातात धरून ऐकत राहिले. ती लहानपणी आजोबांबरोबर बागेतल्या विहिरीत पोहायला शिकली. पुढं विहिरीतली मोटर गाळात रुतली की खाली जाऊन तिला दोर बांधायचं काम तिच्याकडं आलं. आता आजूबाजूच्या गावांतून लोक गाडी घेऊन तिला न्यायला येतात. कोणाची मोटर, कोणाचा पाईप. एकदा तर एक वासरू पडलं होतं. ते घाबरून लाथा मारत होतं, तरी हिनं त्याच्या पोटाखालून दोर घेतला आणि गावकऱ्यांनी दोघांनाही वर ओढलं. हे सगळं ती भाजी निवडल्यासारखं निवांत सांगत होती आणि माझ्या अंगावर काटा येत होता. मी म्हटलं, अगं, हे लिहायचं नाही तर मग काय लिहायचं? एवढं चरित्र तर माझ्या दुकानात आजवर आलंच नाही.

वडिलांनी हात जोडले. माणूस वाईट नव्हता, घाबरलेला होता. "ताई, पोरीच्या बायोडाट्यात विहीर लिवता काय? लोकाईले वाटन, हे पोट्टी उद्या कोनी काही बोललं का विहिरीकडंच धावन. पोरगी आन् विहीर, लोकं याचा एकच अर्थ काढतात."

त्यांचं खोटं नव्हतं. आमच्या भागात बाई आणि विहीर हे दोन शब्द शेजारी आले की कोणाच्याही मनात काय येतं, ते मलाही ठाऊक आहे.

पोरगी मात्र शांतपणे म्हणाली, "बाबा, लपवून लगन केलं तं तिथंही लपवूनच जगा लागीन. मंग मी तिथं कोण म्हणून राहू?"

पण पैसे बापच देणार होता, पान त्याचंच होतं. शेवटी छंद वाचन, स्वयंपाक, रांगोळी असाच छापला गेला आणि व्हॉट्सअ‍ॅपवरही तोच पाठवला. मला इतका राग आला होता की त्यांना चहासुद्धा विचारला नाही. संध्याकाळी घरी भाकरी थापतानाही माझं तोंड चालूच होतं, आणि नवरा बिचारा मान डोलवत जेवला.

पुढं काही दिवसांनी तिचा फोन आला. जळगाव जामोद तालुक्यातलं, पूर्णेकडच्या खारपाणपट्ट्यातलं स्थळ होतं, मुलगा मास्तर होता, आणि रविवारी ते लोक तिला पाहायला येणार होते. तिला मुलाचा फोटो आवडला होता, हे तिनं लाजत का होईना पण सांगून टाकलं. म्हणून तर आधीच सगळं बोलायचं होतं. तुम्ही नुसत्या जवळ बसा, म्हणाली, म्हणजे मला बोलता येईल. वडिलांनाही वाटलं, शहाणीसुरती बाई घरात बसलेली बरी दिसते. पान त्यांच्याच म्हणण्यासारखं छापलेलं, तेव्हा त्यांना बिचाऱ्यांना काय माहीत मी कोणाच्या बाजूनं येते आहे! रविवारी दुकान बंद ठेवलं, ठेवणीतली साडी नेसले आणि सकाळच्याच गाडीनं निघाले. माझ्या स्वतःच्या लग्नाच्या वेळी पाहायला आले होते, तेव्हाही माझं काळीज इतकं धडधडलं नव्हतं.

पाहुणे आले. मुलगा, त्याची आई, त्याचे काका. मुलाचे वडील नव्हते. कारभार आईच्या हातात होता, पण बोलायचं काम काकांकडं होतं. पोहे झाले, चहा झाला, शिक्षण-शेतीचं बोलणं झालं. मुलाची आई फारसं बोलत नव्हती. मग तिनं अगदी मायेनं पोरीला विचारलं की रांगोळीची आवड आहे ना, मग दिवाळीत काढलेली एखादी मोबाईलमध्ये असेल तर दाखव.

वडिलांनी माझ्याकडं पाहिलं. मी पोह्याच्या रिकाम्या बशीकडं पाहिलं.

पोरगी म्हणाली, रांगोळी मला येत नाही, ते चुकीचं लिहिलं आहे. आणि मग तिनं सगळं सांगितलं. मोटर, गाळ, दोर, वासरू, सगळं. काकांनी कपबशी खाली ठेवली. पोरीच्या जातीला हे शोभतं का, असं काहीसं ते म्हणू लागले होते, पण मुलाच्या आईनं हातानंच त्यांना थांबवलं. ती खुर्चीत पुढं सरकली होती.

"तळ लागते काय?" तिनं विचारलं.

हाव, लागते, पोरगी म्हणाली.

"खाली दिसते काय काही?"

नाही दिसत, हातानं चाचपावं लागतं, पोरीनं सांगितलं.

त्या बाईनं पदर सावरला आणि बोलू लागली. तिच्या माहेरीही खारं पाणी. अख्ख्या गावाला गोड्या पाण्याची एकच विहीर होती, आणि पिण्याच्या पाण्यात कोणी उतरायचं नाही म्हणून गावात पोहणं कोणी शिकलंच नव्हतं. तिची धाकटी बहीण घागर भरताना घसरली. त्या दिवशी बाजार होता, गडीमाणसं तिकडं गेलेली. काठावर बायाच बाया, सगळ्यांनी आपापले दोर सोडले, लुगडी बांधून सोडली, पण खाली उतरणारं कोणी नव्हतं. शेजारच्या गावाहून माणूस येईपर्यंत सगळं संपलं होतं. हे सांगताना ती रडली नाही. एवढंच म्हणाली, "तुह्यासारखी एक पोरगी तवा तिथं असती."

मला मात्र रडू आवरेना. मुलगा आईकडं असा पाहत होता की ही गोष्ट त्यानंही पहिल्यांदाच ऐकली असावी. एवढी वर्षं आईच्या हातचं जेवून त्याला आईचं हे पान माहीत नव्हतं, आणि ते उघडलं कोणासमोर, तर एका परक्या पोरीसमोर.

मग ती बाई उठली आणि म्हणाली, मला पाहायचं आहे. काका नको नको म्हणत राहिले, पण ती चपला घालून अंगणात पोचलीसुद्धा. पोरगी आत जाऊन साडी बदलून पंजाबी ड्रेस घालून आली. आम्ही सगळे बागेतल्या विहिरीकडं निघालो. मी तर जवळजवळ पळतच होते, ठेवणीतल्या साडीचा काठ संत्र्याच्या आळ्यातल्या चिखलात भरला तरी मला भान नव्हतं. वडील मागं राहिले असं वाटलं, पण ते भलतीकडंच वळले होते. ते मोटरच्या पेटीकडं गेले, लाईन बंद केली, पुन्हा एकदा खटका ओढून खात्री केली आणि लेकीला मानेनं खूण केली. तिच्या डोळ्यांत पाणी आलेलं मी त्याच वेळी पाहिलं.

तिनं उडी मारली. पाणी फुटलं, मिटलं आणि वर नुसती वर्तुळं राहिली. मी तिच्याबरोबर श्वास रोखला आणि लगेच सोडला, कारण मला जमेना. मुलाच्या आईनं माझं मनगट धरलं होतं, इतकं घट्ट की बांगडी रुतली. मुलगा काठावर वाकून पाहत होता, आणि काका दोन्ही हातांनी त्याचा सदरा धरून उभे होते.

आमच्याकडं विहिरीचा तळ गाठला याचा पुरावा म्हणजे मूठभर गाळ. नुसतं 'लागला तळ' म्हटलेलं लहान पोरंही मानत नाहीत. ती वर आली ती एक मूठ पाण्याबाहेर धरूनच. पायऱ्या चढून, निथळत, ती सरळ त्या बाईपुढं आली आणि मूठ उघडली. काळा, थंड गाळ. बाईनं तो ओंजळीत घेतला आणि आता मात्र तिचा बांध फुटला.

"एवढी वर्सं मले वाटे," ती म्हणाली, "का त्या विहिरीले तळच नाही."

पोरगी ओल्या हातानं तिची पाठ चोळत राहिली. जरा वेळानं बाईनं डोळे पुसले. गाळाचा एक पट्टा तिच्या गालावर ओढला गेला, आणि ती हसायला लागली. म्हणाली की आम्ही पाहायला आलो होतो खरे, पण आता तूच पाहून घे आणि माझं पोरगं तुला पसंत आहे का ते सांग.

पोरीनं तेव्हा पहिल्यांदा मुलाकडं नीट पाहिलं. तोंडावरचं पाणी निपटलं आणि विचारलं, पोहता येते काय?

मुलानं काकांकडं पाहिलं, मग खरं काय ते सांगितलं, की नाही येत.

"शिकाचं हाय?"

तो हो म्हणायला तोंड उघडणार, तेवढ्यात ओंजळीतला गाळ तसाच धरून त्याची आई मध्ये आली.

"पहिले मले."