डॉक्टरीणबाईंची कोरी भिंत

आमच्या वन्सं, म्हणजे यांची धाकटी बहीण, चौतीस वर्षं एका फोटो स्टुडिओच्या मागच्या खोलीत बसल्या. पुढच्या खोलीत दिवे, पडदा, "हनुवटी जरा वर" असं सगळं चालायचं. मागे वन्संचं तिरपं टेबल, काचेखाली दिवा आणि काचेवर निगेटिव्ह. टोकदार पेन्सिलीने त्या लोकांच्या तोंडावरचे फोड घालवायच्या, डोळ्यांखालची वर्तुळं उजळायच्या, कुणाच्या कानामागून निसटलेली बट जागच्या जागी बसवायच्या. देवाने घडवताना राहिलेलं त्या पूर्ण करायच्या. स्टुडिओचे मालक त्यांना डॉक्टरीणबाई म्हणत आणि आमचे हे अजूनही चिडवायचं असलं की तेच म्हणतात.

हजारो चेहरे त्यांच्या हाताखालून गेले, पण स्वतःची आई काही त्या दिव्यांसमोर बसली नाही. "बसू गं कधीतरी, मी काय पळून चाललेय?" म्हणायची म्हणे. आणि एका सकाळी गेलीच. मी या घरात सून म्हणून आले ती त्यानंतर, त्यामुळे सासूबाई मी पाहिलेल्या नाहीत.

त्यांचा एकच फोटो होता, तोही यांच्या मामेभावाच्या घरी. बावीस जणांचा ग्रुप, त्यात मागच्या रांगेत खांद्यापर्यंत दिसणाऱ्या सासूबाई. मामेभावाची बायको मागे आली तेव्हा फोटो घेऊन आली होती. मी फोनवर त्यातला नेमका चेहरा टिपला आणि कॉम्प्युटरवर चढवला. ती फोटो घेऊन परत गेली, आणि दोन महिन्यांत त्यांच्याकडे पाण्याचा पाइप फुटून माळ्यावरची पेटी भिजली. फोटोचा लगदा झाला. माझ्या फोनचं म्हणाल, तर जागा भरली म्हणून मीच जुने फोटो पुसले. कॉम्प्युटरवर आहे ना, मग कशाला दोन ठिकाणी? हे शहाणपण माझंच.

आता एका गेमचं सांगते. माझी मुलगी नोकरीला परगावी गेली तेव्हा घरातल्या जुन्या कॉम्प्युटरवर तो घालून गेली, आत्याचा वेळ जावा म्हणून. त्यात माणसांसारख्या बाहुल्या असतात. त्या उठतात, आंघोळ करतात, कामाला जातात, भांडतात. त्यांना घर बांधून द्यायचं. वन्संनी काय बांधलं, तर सायकल दुरुस्तीच्या दुकानावरच्या दोन खोल्या, जिथे ही भावंडं वाढली. ती इमारत पाडून तिथे केव्हाच रस्ता झालाय. गेममध्ये मात्र बाहेरून लोखंडी जिना, खिडकीखाली मोरी, उलट्या बाजूला उघडणारं दार, सगळं जसंच्या तसं उभं राहिलं. आमचे हे पेपर बाजूला ठेवून मागे येऊन उभे राहायचे.

"खिडकी एवढी उंच नव्हती. मी स्टुलावर न चढता बाहेर थुंकायचो."

"तू थुंकायचास आणि मार मी खायचे," वन्सं म्हणायच्या, आणि खिडकी खाली घ्यायच्या.

मुलीने फोनवर सुचवलं, "आत्या, आजीचीच बाहुली कर की!" तीही केली. पण बाहुली पडली आपल्या मनाची. उष्टी ताटली जमिनीवर टाकून ती एकटीच खोलीभर नाचायला लागली.

"माझी आई अशी नव्हती," वन्सं म्हणाल्या आणि बाहुली काढून टाकली.

मग ठरलं, भिंतीवर आईचा फोटो लावायचा. मोरीसमोरची भिंत त्यासाठीच कोरी ठेवली. एकदा तरी आई त्या घरात दिसली पाहिजे, एवढंच त्यांचं मागणं. इथूनच आमच्या घराची शांती गेली.

गेममध्ये आपलं चित्र आपोआप जात नाही. त्याला मॉड करावं लागतं, म्हणजे गेमच्या पोटात बाहेरची वस्तू गुपचूप सारायची. त्यासाठी वेगळा प्रोग्रॅम. त्यात गेममधलं एखादं तयार चित्र निवडायचं, त्याची नक्कल करायची, नकलेतलं चित्र काढून त्याच मापाचं आपलं घालायचं आणि ती फाइल 'मॉड्स' नावाच्या फोल्डरात ठेवायची. मुलगी फोनवरून सांगत होती, वन्सं वहीत लिहून घेत होत्या. चौदा पायऱ्या झाल्या. शाळेत भूमितीचे सिद्धान्त लिहायचो तशा नंबर घालून लिहिल्या.

पहिल्या दिवशी सगळं केलं आणि भिंत कोरी ती कोरीच. दोन दिवस डोकेफोड केली. शेवटी कळलं, गेमच्या सेटिंगमध्ये 'बाहेरचं सामान चालेल' अशा अर्थाची एक खूण करावी लागते. ती पंधरावी पायरी. मुलगी म्हणाली, "अय्या, हे सांगायचं राहिलंच."

"राहिलंच म्हणे," वन्संनी फोन माझ्या हातात दिला. "वहिनी, तुमची लेक आहे, तुम्हीच बोला."

खूण केली. चित्र आलं. पण नक्कल करायला वन्संनी निवडलं होतं समुद्राचं आडवं चित्र, आणि आईचा फोटो उभा. गेमने तो ओढून-ताणून आडव्या चौकटीत कोंबला. गाल हे एवढे, मान गायब. हे हसायला लागले.

"आईवर लाटणं फिरवलं की काय, डॉक्टरीणबाई?"

वन्संनी यांच्याशी दिवसभर अबोला धरला. दुसऱ्या दिवशी त्यांनी उभं चित्र निवडून सगळं पहिल्यापासून केलं. या वेळी माप बरोबर बसलं. चेहरा मात्र धूसर, बंबाच्या वाफेतून बघावं तसा. डोळे कुठे संपतात आणि गाल कुठे सुरू होतात, कळेना.

यावर दुसरी कुणी गप्प बसली असती. पण ज्या बाईने चौतीस वर्षं धूसर चेहरे कोरून काढले, ती काय गप्प बसणार? चित्र रंगवायच्या साध्या प्रोग्रॅममध्ये त्यांनी फोटो उघडला आणि डोळ्यांच्या कडा जरा गडद केल्या. पेन्सिलीच्या जागी माउस, म्हणजे साबणाच्या वडीने भुवई कोरायची. सेव्ह केलं. पुन्हा त्या पायऱ्या, पुन्हा गेम सुरू. आमच्या कॉम्प्युटरला गेम उघडायला आठ मिनिटं लागतात, तेवढ्यात माझी अर्धी पोथी वाचून होते. उघडल्यावर बघतात तर अजून धूसरच. मग ओठ गडद केले. मग भुवया. मग नाकाची सावली.

तीन आठवडे हेच. दुपारची जेवणं झाली की त्या खुर्चीत जाऊन बसत. मधेच गेम अपडेट झाला आणि ती पंधराव्या पायरीची खूण आपोआप निघून गेली. भिंत पुन्हा कोरी.

"वन्सं, सोडा आता. हट्टाने काही होत नाही, देवाच्या मनात असेल तेव्हा होईल," मी एकदा म्हटलं.

"देवाच्या मनात काय आहे ते मला माहीत नाही, वहिनी. या मेल्याच्या मनात काय आहे ते सांगा." मेला म्हणजे कॉम्प्युटर.

खरं सांगते, मला त्या यंत्राचा राग यायचा आणि वन्संचाही. चहा गार व्हायचा, हाका ऐकू जायच्या नाहीत. मान आखडली म्हणून मी तेल चोळून द्यायची आणि तेलाच्या मानेने त्या परत तिथेच.

महिनाअखेर मुलगी दोन दिवसांसाठी आली. रविवारी सकाळी तिने कॉम्प्युटर लावला, आत्याचं घर पाहिलं, इकडून तिकडून फिरवलं आणि कपाळावर हात मारला.

"आत्या, फोटोच कशाला, सगळा गेमच धूसर आहे! नळ बघ, जिना बघ. मशीन जुनं म्हणून चित्रांची सेटिंग मीच सगळ्यात खाली करून गेले होते. विसरलेच गं!"

मुलीने सेटिंग वर केली, गेम बंद करून पुन्हा लावला. आठाची बारा मिनिटं झाली. यांना मी बोलावून आणलं. पडदा उजळला, लोखंडी जिन्याचा गंज दिसला, मोरीच्या फरशीची रेघन् रेघ दिसली.

आणि भिंतीवर दिसली एक बाई. काळ्याकुळकुळीत भुवया, काजळ ओतल्यासारखे डोळे, कापून चिकटवल्यासारखे ओठ. कातडी अशी साफ की जाहिरातीत शोभावी.

हे चष्मा सावरत पुढे झाले. "ही कोण?"

त्यांनी मुद्दाम विचारलं नव्हतं. तेच जास्त लागलं.

"जाऊ दे," मुलगी घाईने म्हणाली, "आता सेटिंग नीट आहे ना. मूळ फोटो आण, तोच परत घालू."

"हाच तो."

"हा तू रंगवलेला. त्याच्या आधीची कॉपी गं?"

"कॉपी कसली?" वन्सं म्हणाल्या. "निगेटिव्ह एकच असते. काम त्याच्यावरच करायचं असतं." मग त्यांना आपण काय बोललो ते कळलं असावं. रोज सेव्ह करताना त्यांनी जुन्यावरच नवं ठेवलं होतं. स्टुडिओत तसंच करत आल्या होत्या आणि तिथे कधी चुकल्या नव्हत्या.

मुलीने माझ्याकडे पाहिलं. "आई, तुझ्या फोनमध्ये?"

मी नाही म्हणून मान हलवली. त्या क्षणी धरणी दुभंगली असती तर मी उडी टाकली असती. देवाचं नाव घ्यायलाही तोंड होईना.

वन्सं पडद्याच्या अगदी जवळ गेल्या. ओठाखाली बोट ठेवलं. "इथे डाग होता तिचा. भाजल्याचा." आणि मग, "मी काढला. धूळ बसलीय असं वाटलं असेल. डाग दिसला की हात जातोच."

मुलगी उगाच फोल्डर उघडून बघत होती. मग ती थांबली. "आत्या, हे समुद्र नावाचं काय आहे?"

तो पहिला प्रयत्न होता. लाटणं फिरवलेली आई. दुसऱ्यांदा उभं चित्र घेतल्यावर वन्संनी नवीन फाइल केली, पुढचं सगळं काम तिच्यातच झालं, आणि ही रागाच्या भरात तशीच पडून राहिली. हिच्यावर ब्रश फिरला नव्हता, कारण रंगवण्याचं खूळ त्यानंतरचं.

मुलीने ती भिंतीवर लावली. गाल पसरलेले, कपाळ पसरलेलं, मान नाही. पण डोळे कुणीतरी हाक मारल्यासारखे बघत होते, आणि ओठाखाली तो डाग, ताणून मसुराएवढा झालेला.

हे पुढे वाकले. "जाडी झालीय," म्हणाले. "पण आहे तीच."

मुलीला हुरूप आला. "अगं, मग सोप्पं आहे! हे चित्र बाहेर काढते आणि दोन्ही बाजूंनी दाबते. होती तशी होईल."

तिने माउस धरला, तशी वन्संनी तिच्या मनगटावर हात ठेवला.

"नको. आधी दुसरीकडे कॉपी ठेव. दोन ठेव. आणि मग कॉम्प्युटर बंद कर."

"अगं पण दाबलं की—"

"हात लावू नकोस म्हटलं ना!"

मुलगी नोकरीवर परत गेली. कॉपी आता कॉम्प्युटरमध्ये आहे, मुलीकडे आहे आणि माझ्या फोनमध्येही आहे. त्या कॉपीसाठी मी फोनमधलं बाकीचं सगळं पुसलं. भिंतीवर मात्र आई आडवीच आहे. मी एकदोनदा म्हणून पाहिलं, की वन्सं, कॉपी आहेत, आता करून बघायला काय हरकत आहे. त्या वहीतल्या पंधरा पायऱ्या वाचतात आणि वही मिटतात. हात गुडघ्यांखाली दाबून बसतात, थंडी वाजल्यासारखे.

काल गेम पुन्हा अपडेट झाला आणि भिंत पुन्हा कोरी. मी आतून ऐकत होते.

"मेल्या," वन्सं म्हणाल्या, आणि ती खूण शोधायला लागल्या.