सगुणाआत्याचा बायस्कोप

बोलपटांचं कौतुक ज्यांना असेल त्यांनी ते खुशाल करावं. माझ्या सगुणाआत्याने मुक्या चित्राला वाचा दिली होती, आणि तीही मुकादमाच्या तोंडावर.

एकोणपन्नास साल. ठाण्याच्या खाडीकाठी आमचं आगऱ्यांचं गाव. आत्या दिवसभर मिठागरात मिठाच्या पाट्या वाही आणि लग्नसराईत धवलारीण म्हणून मांडवात धवळे गाई. धवळ्यांशिवाय आमच्यात लग्न लागत नसे. गाता गाता धवलारणीने कुणाची फिरकी घेतली तरी रागवायचं नाही, असा रिवाज.

त्या साली मिठागराच्या काळुराम मुकादमाने आत्याच्या जोडीने पाट्या वाहणाऱ्या गोदाला कामावरून काढलं. तान्ह्या पोराला पाजायला ती बांधावर टेकली, एवढाच गुन्हा. तिच्या घरात दुसरं कमावणारं कोणी नव्हतं. आत्या रदबदलीला गेली, तर मेल्याने तिला उभंही केलं नाही.

त्याच आठवड्यात धोंडीबा बायस्कोपवाल्याने गावात तंबू ठोकला. शहराने टाकलेले जुने मूकपट तो गावोगाव दाखवी आणि शेजारी उभा राहून गोष्ट सांगे. त्या संध्याकाळी नेमका त्याचा घसा बसला. बायांनी आत्याला पुढे ढकललं.

पडद्यावर एक किडकिडीत गवंडी आणि काठीवाला ढेरपोट्या मालक. आत्याने मालकाच्या तोंडी काळुरामची भाषा घातली. तोच खाकरा, तीच शिवी. गोदाचं गाऱ्हाणंही तिने बेमालूम घुसडलं. शेवटी गवंड्याने चुन्याची बादली मालकाच्या डोक्यावर पालथी केली आणि तंबू हसून लोळला. पुढेच बसलेला काळुराम तरातरा उठला. उद्यापासून सगुणानेही पाटीला हात लावायचा नाही, असं बजावून गेला.

आता दोन घरच्या चुली थंडावणार, म्हणून माझी आई रडली. आत्या मात्र निवांत होती.

महिन्याभराने काळुरामच्या लेकीचं, जयाचं लग्न ठरलं. धवलारणीला बोलवायला वधूच्या बापानेच सुपारी घेऊन जायचं असतं, आणि आत्याला डावलून दुसरी कोणी यायला तयार होईना. शेवटी काळुराम आमच्या ओट्याशी आला. आत्याने हात पुढे केला नाही.

"आदी गोदाचे दारान जा. तिला कामाव बोलव. मंग सुपारी."

काळुराम घुटमळला. मग सुपारी मुठीत धरून गोदाच्या घराकडे चालू लागला. अख्खी आळी बाहेर येऊन बघत होती, आणि माझा ऊर अभिमानाने भरून आला.

स्वतःच्या कामाबद्दल आत्या अवाक्षर बोलली नव्हती.