रिकामी झोळी

हर्सूलच्या आमच्या अंगणवाडीतल्या मदतनीस बाई फारसं बोलत नाहीत. पोरांची नाकं पुसतात, खिचडी वाढतात आणि वजनाच्या दिवशी काट्याला टांगलेली रिकामी झोळी हातानं धरून ठेवतात. रिकामा पाळणा हलवू नये म्हणतात, तसंच काहीतरी असेल, असं मला वाटायचं.

काल माझ्या लेकीचा नंबर आला. मी तिला झोळीत घालणार, तर बाईंनी मला अडवलं.

"थांबा ताई, आधीचं लेकरू उतरू द्या."

झोळीत कुणीच नव्हतं. सुई मात्र शून्यावर नव्हती.

बाई झोळीशी वाकल्या. "उतर गं माय, झालं तुझं."

सुई सावकाश शून्यावर आली. काटा जुना आहे, अडकत असेल, असं मी म्हणणार होते. तेवढ्यात कडेवरच्या लेकीनं दाराकडं बघून टाटा केला.