संहारबंदीचं विधेयक

बासष्टच्या सुमारास मी अमरावतीला कायदा शिकत होते. वर्गात मुली दोनच. स्नेहसंमेलनात आमची अभिरूप संसद भरायची, त्या वर्षी मला कायदामंत्री केलं होतं. विधेयक मी निवडलं ते वंशसंहाराला आळा घालण्याचं. तसा जागतिक करार आपल्या देशाने नुकताच मान्य केला होता, पण देशात त्यासाठी वेगळा कायदा नव्हता. एका माणसाचा खून हा गुन्हा, हे माणसाला कधीपासून ठाऊक. अख्खी जमात संपवण्याच्या गुन्ह्याला मात्र माझ्या हयातीत नाव मिळालं, याचंच मला केवढं अप्रूप! राजापेठेतल्या घरी, बाबांच्या वकिलीच्या टेबलाशी बसून मी मसुदा लिहिला. व्याख्या, जन्मठेप, फाशी, सगळं चोख.

विरोधी पक्षनेता होता आमच्याच वर्गातला एक सिंधी मुलगा. फाळणीनंतर लहानपणी इकडे आलेला. वडिलांचं अकोल्याला कापडाचं दुकान. वऱ्हाडी तो आमच्याहून फर्डी बोले.

तो उठला. "सभापती महोदय, या कायद्यात सारं मेल्यावरचंच हाये. मरायच्या आंधीचं काईच नाई."

सभागृह हसलं. तो हसला नाही.

"तिकडं सिंधात आमच्या गल्लीवर जमाव चालून आला होता. एक थानेदार, जमावाच्याच धर्माचा, गल्लीच्या तोंडाशी खुर्ची टाकून बसला. त्याले वरून हुकूम होता, निंघून ये. तो उठला नाई. म्हने, पयले मले उचला, मंग आत जा. लोक लय वेळ उभे राह्यले अन् मंग पांगले. आमी सारे वाचलो. त्याची नोकरी गेली म्हनून मागून आयकलं." मग माझ्याकडे वळून म्हणाला, "मंत्रीबाई, तुमच्या कायद्यात हा मानूस कुठी हाये?"

उत्तरं मी पाठ करून आले होते. हातातला मसुदा मी मिटला. सभापतींच्या खुर्चीतल्या सरांकडे मी दुरुस्तीची परवानगी मागितली आणि उभ्या उभ्याच कलम सांगितलं: संहाराची खबर लागताच तो अडवणं हे अधिकाऱ्याचं कर्तव्य राहील, आणि तो घडू द्या असा हुकूम मोडणाऱ्याला शिक्षा होणार नाही.

मतदानाला विरोधी बाकांवरचेही सगळे हात वर गेले. टाळी कोणी वाजवली नाही.

बाहेर आवारात मी त्याला गाठलं. "कसे दिसायचे हो ते ठाणेदार?"

"तोंड नाई आठवत," तो म्हणाला. "आमच्याकडं पाठ करून बसला होता ना. पाठच दिसते."

पुढे तो दुकानात बसला, मी कोर्टात गेले. तसा कायदा देशात झालेला मी पाहिला नाही. पण कायद्याच्या भरवशावर न थांबणारा एक माणूस खरोखर होऊन गेला, हे ऐकल्यावर त्या दिवशी सायकलवर बसायचं भानच राहिलं नाही; ती हातात धरून मी घरापर्यंत चालतच गेले.