निळ्या दोऱ्याची गाठ

भीमाबाईची चिंबोरी ओळखायला कुणाला विचारावं लागत नाही. तिच्या चिंबोऱ्यांच्या नांग्या निळ्या दोऱ्यानं बांधलेल्या असतात. फाटक्या जाळ्यातून सोडवलेला दोरा, पोटाखालून दोन वेढे, आणि गाठ अशी की टोक ओढलं की सुटलीच. बाकीच्यांच्या गाठींना सुरी लागते. उरणहून पनवेलच्या बाजारात ती तीस वर्षं येते. या तीस वर्षांत तिनं मेलेली चिंबोरी एकदाही विकलेली नाही. "मेली का ती खायाची नाय, पुरायची," असं ती नव्या गिऱ्हाइकाला आधीच सांगून टाकते. ओल्या गोणपाटात, सावलीत ठेवली तर चिंबोरी तीन-चार दिवस तग धरते.

त्या मंगळवारी सकाळी तिच्या दोन गोणी परेशच्या टेम्पोत होत्या. नाक्यावर पोलिसांनी टेम्पो अडवला. मासळीखाली गुटख्याची पोती निघाली. परेशला आत घेतलं आणि टेम्पोतलं होतं नव्हतं ते सगळं मुद्देमाल म्हणून जप्त झालं. भीमाबाई मागून एसटीनं पोहोचली तेव्हा तिच्या गोणींच्या तोंडाला लाखेचं सील बसलं होतं.

"सायब, गुटका त्याचा. चिंबोऱ्या माज्या."

"कोर्टात सांग, मावशी," हवालदार कमलाकर म्हणाला.

"मना माल नको देव. निस्ता पानी मारू दे. खाडीचा पानी आनलाय कॅनमदे."

"सीलबंद मालाला हात लावायचा नाही."

"हात कोन लावतंय? वरशी वतते."

कमलाकर इकडेतिकडे बघून पाठ वळवून उभा राहिला. तिनं पाणी ओतलं. गोणीत खरखर झाली. ती ऐकूनच ती घरी गेली.

बुधवारी विनिता वकिलांनी तिच्या वतीनं कोर्टात अर्ज दिला : माल नाशवंत आहे, मूळ मालकिणीला परत मिळावा. कोर्टानं पोलिसांचं म्हणणं मागवलं. तपास करणारे फौजदार बंदोबस्ताला गेले होते. ते गुरुवारी उगवले.

"टेम्पोत आणखी तिघांच्या चिंबोऱ्या आहेत. या तुझ्याच कशावरून? बिल आहे?"

"खाडी बिल देते काय, सायब? गाठ बगा."

"गाठीवर तुझं नाव लिहिलंय?"

"नाव नाय. हात हाय माजा."

पंचांसमोर सील उघडलं. फौजदारांनी दुसऱ्याच्या गोणीतली गाठ ओढून पाहिली, ती हलेना. मग हिची ओढली. गाठ सुटली आणि मोकळ्या नांगीनं त्यांचं पेन पकडलं.

"सही करून घ्या सायब तिची," कमलाकर म्हणाला, आणि फौजदारांसकट सगळे हसले. भीमाबाईही हसली. मग फोटो काढले, वजन केलं, पंचांच्या सह्या झाल्या. माल अर्जदाराचाच दिसतो, असं लिहिलं गेलं. आणि पुन्हा सील लागलं.

शुक्रवारी संध्याकाळी हुकूम झाला, शनिवारी दुपारी त्याची नक्कल मिळाली. ठाण्यात छापील सुपूर्दनामा पुढे आला. विनितानं तो वाचून दाखवला : मालाची विक्री करणार नाही, स्वरूप बदलणार नाही, कोर्ट मागेल तेव्हा जसाच्या तसा हजर करीन.

"हा गाड्यांसाठीचा नमुना आहे, मावशी. अट बदलून घ्यायला सोमवारी अर्ज करू."

"सोमवारी," भीमाबाई एवढंच म्हणाली आणि सही केली.

गोणी अंगणात उन्हात होत्या. गुरुवारनंतर त्या बाहेर काढून शेडमध्ये टेम्पो लावला होता, त्याचा रंग उडू नये म्हणून. ती रोज पाणी घेऊन येत होती, पण शुक्रवारी ती दिवसभर कोर्टाच्या बाकावर होती. आता तिनं गोणीला कान लावला. मग तोंड उघडलं आणि पदर नाकाला लावला.

ती खाली बसली. एकेक चिंबोरी उचलायची, टोक ओढायचं, दोरा बाजूला ठेवायचा. बांधलेली पुरायची नसते.

"दोरा टाकू नको, मावशी," कमलाकर हळूच म्हणाला. "तोही मुद्देमालात धरलाय."

तिनं विनिताकडे पाहिलं. "बाय, कोर्टान बोलावला तर मी काय नेव? ह्यो वास?"

"तशी वेळ आली तर फोटो आहेत ना. पंचनामा आहे. कोर्टात तेवढं चालतं."

भीमाबाईचा हात थांबला.

"मंग फोटो काडले त्याच दिशी का नाय सोडल्या?"

विनिता हातातल्या नकलेची घडी घालत राहिली. भीमाबाईनं पुढची चिंबोरी उचलून टोक ओढलं.