खालची कडी

माझा दादा कुलूपवाला, पण त्याच्या स्वतःच्या घरात एकाही दाराला कडी नाही. न्हाणीघरालासुद्धा नाही. आत गेलेल्या माणसाने गात राहायचं, हा घरचा नियम. माझा नवरा एकदा तिथे मुक्कामाला गेला आणि दोन दिवस पारोसा राहून परतला. त्याला गाता येत नाही.

लोकांकडे मात्र दादा खुशाल कड्या बसवतो. पण इतक्या खाली, की दार लावताना भल्याभल्यांना वाकावं लागतं. दातांच्या डॉक्टरांनी विचारलं, "अहो, ही कडी माझ्यासाठी की मांजरासाठी?" दादा म्हणाला, "बसली ती बसली." तरी गिऱ्हाइकं टिकून आहेत, कारण कुलपांच्या कामात त्याचा हात धरणारा कुणी नाही.

आई आम्हाला नव्हतीच. वडील महातापट. दादा सात वर्षांचा असताना ते त्याला कशावरूनही अडगळीच्या खोलीत कोंडायचे, बाहेरून कडी घालायचे आणि कामाला निघून जायचे. मी चार वर्षांची. दारापाशी उड्या मारायचे, पण कडी पार वर. मग तो आत आणि मी बाहेर बसून गाणी म्हणायचो. वडिलांना मी अजून माफ केलेलं नाही, करणारही नाही.

यंदा दादाच्या लेकीला चौदावं लागलं आणि तिने सांगून टाकलं, "बाबा, माझ्या खोलीला आतून कडी हवी. नाहीतर मी आत्याकडे राहायला जाते." दादाच्या तोंडचं पाणी पळालं.

त्याच आठवड्यात तो लहान मुलांच्या मनाच्या डॉक्टरीणबाईंकडे कपाटाचं कुलूप दुरुस्त करायला गेला. स्क्रू पिळता पिळता म्हणाला, "माझा एक मित्र आहे. माणूस आत असताना दार बंद झालं, की त्याची छाती धडधडते."

बाईंनी सगळं विचारून घेतलं. म्हणाल्या, "लहानपणी मेंदू घडत असतो. त्या वयात पुन्हा पुन्हा घाबरलं, की तो धोका हेरण्यातच पटाईत होतो. पुढे धोका नसला तरी बोंब ठोकतो. यात तुमच्या मित्राची काही चूक नाही."

"म्हणजे कुलूप अडकलंय."

"अडकलंय, मोडलेलं नाही. मेंदू मोठेपणीही शिकतो. हळूहळू, सोबतीला कुणी असेल तर."

"बहीण चालेल?" दादाने विचारलं. "मित्राची?"

रविवारी मला बोलावणं आलं. दादाने लेकीच्या दाराला खिट्टी लावली, बाहेरून नाण्याने फिरवता येईल अशी. अर्थात गुडघ्याशी.

"बाबा, इतक्या खाली का?"

"बाहेर चार वर्षांचं पोर असलं, तरी त्याचा हात पोचला पाहिजे."

मी हातातला कप खाली ठेवला. मला रडूच फुटलं. म्हटलं, "मला वाटायचं, तुझा माझ्यावर राग असेल."

"वेडी आहेस का? तू उड्या मारायचीस ते मला आत ऐकू यायचं."

पोरगी आत गेली. खिट्टी लागली. दादाच्या कपाळावर घाम आला, मुठीत नाणं घट्ट.

"जरा गा ना!" तो ओरडला.

"मुळीच नाही!"

मग त्यानेच गायला सुरुवात केली, भसाड्या आवाजात. मीही सूर मिसळला.

"बाबा, हळू! माझा अभ्यास चाललाय."

दादाने नाणं खिशात टाकलं, दाराला टेकून खाली बसला आणि हळू गायला लागला.